परिपाठातली बावीस जुलै

प्रार्थना झाली, प्रतिज्ञा झाली, सुविचार सांगून झाला आणि तिसरीतली एक मुलगी वहीचे पान हातात धरून पुढे आली. पाऊस लागून राहिल्यामुळे परिपाठ पटांगणाऐवजी शाळेच्या पडवीत चालला होता. पागोळ्यांच्या आवाजावर मात करायची म्हणून ती मुलगी प्रत्येक वाक्याचा शेवटचा शब्द ताणून उंच करत होती. "आजचा दिनविशेष. बावीस जुलै. एकोणीसशे आठ, लोकमान्य टिळकांना राजद्रोहाच्या खटल्यात सहा वर्षांची शिक्षा. एकोणीसशे सत्तेचाळीस, घटना समितीने तिरंगा राष्ट्रध्वज म्हणून स्वीकारला. दोन हजार एकोणीस, चांद्रयान दोनचे उड्डाण. दोन हजार एकवीस, चिपळूण शहरात महापूर. धन्यवाद." तिने कागदाची घडी केली, ती रांगेत जाऊन उभी राहिली आणि पुढचा मुलगा बोधकथा सांगायला आला.

चिपळूणच्या वरच्या अंगाला, डोंगरातल्या एका वाडीतली ही जिल्हा परिषदेची शाळा. तिथल्या बाई माझ्या ओळखीच्या असल्यामुळे मुलांसाठी गोष्टींची थोडी पुस्तके घेऊन मी गेले होते. बोधकथा कानावरून गेली, राष्ट्रगीत झाले, मुले वर्गात गेली, आणि त्या चार ओळींपैकी शेवटची माझ्या डोक्यात अडकून बसली. तिच्यात चुकीचे काहीच नव्हते. पहिल्या तीन ओळींच्याच चालीत, त्याच आवाजात, त्याच वेगाने ती वाचली गेली होती, आणि नेमके तेच मला सोसत नव्हते. ज्या दिवसाच्या चिखलाचा वास ताईच्या घरातल्या लाकडी कपाटाच्या मागच्या फळीला अजूनही पावसाळ्यात येतो, तो दिवस एका वाक्याचा होऊन टिळकांच्या रांगेत उभा राहिला होता. मनात राग होता म्हणावा, तर त्याच्या तळाशी थोडा अभिमानही होता, आणि त्या अभिमानाची मला लाज वाटली.

बाईंना विचारले तेव्हा त्यांनी मोकळेपणाने सांगितले, "बाकीचं मोबाईलवर येतं हो. रोज सकाळी शिक्षकांच्या ग्रुपवर कुणीतरी टाकतं. पुराची ओळ मात्र मी घातली. तिच्या जागी गायक मुकेशचा जन्म होता, तो काढला." मुकेश यांचा जन्म २२ जुलै १९२३ चा, हे खरे आहे, राज्यातल्या दोन बड्या नेत्यांची जन्मतारीखही हीच आहे आणि त्या दिवशी नाक्यानाक्यावर लागणाऱ्या फलकांमुळे ती पोरासोरांनाही पाठ असते. म्हणजे दिनविशेषाच्या चार ओळींत कोणाला घ्यायचे आणि कोणाला वगळायचे, हा निवाडा त्या सकाळी एका बाईंनी चहा पिता पिता केला होता. मला तो आवडला. कोकणात बसून कोणीतरी यादीत हात घातला, एवढेही एरवी होत नाही.

त्या मुलीला मी मधल्या सुट्टीत विचारले, "तुला आठवतो का गं पूर?" तिने मान हलवली. तेव्हा ती शाळेतही जात नव्हती. मग थोडा विचार करून म्हणाली, "आत्याकडचे भिजलेले तांदूळ आमच्या माळ्यावर पसरले होते. त्यांचा घाण वास यायचा. आई म्हणायची, कोंबड्यांना पण घालू नका." एवढे सांगून ती पळाली. वाचलेल्या कागदावर असे काही नव्हते.

आमच्याकडे त्या दिवसाची सुरुवात तारखेने झालीच नव्हती. मंगळवारी आषाढी एकादशी होती, बुधवारी बकरी ईद होती, आणि गुरुवारी पहाटे ताईचा फोन आला. बाजारपेठेत तिचे वह्या-पुस्तकांचे दुकान आणि वर राहते घर. कोरोनामुळे शाळा बंद, त्यामुळे दोन वर्षांचा माल दुकानात तसाच पडून होता. दुकानाच्या भिंतीवर भाऊजींनी निळ्या रंगाने एक आडवी रेघ मारून ठेवली होती, ती २००५ च्या पुराची. बाजारातल्या बहुतेक दुकानांत अशी रेघ असे, कुठे रंगाची, कुठे नुसती गाळाची राहून गेलेली. रात्रभर दोघांनी त्या रेघेच्या वर माल चढवला. वह्यांचे गठ्ठे, कंपासपेट्या, हिशेबाची चोपडी, गणपतीच्या आराशीचे खोके, सगळे रेघेवर हातभर उंच ठेवले आणि मग ती निवांत चहा करायला वर गेली. "पाचच्या वर काय जाणार आहे," असे ती फोनवर म्हणाली होती. पाणी उजाडायच्या आत रेघेला लागले आणि तिथे थांबले नाही. पाचच्या पुराने आखून दिलेल्या सीमेवर अख्ख्या बाजाराने विश्वास टाकला होता, आणि ज्यांनी सर्वात नीट तयारी केली त्यांचेच सर्वात जास्त गेले, कारण त्यांनी माल हलवण्याऐवजी उचलून ठेवला होता.

ताई ते सांगते तेव्हा तासांच्या हिशेबाने सांगते. साडेपाचला जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर पाणी होते, सातला सातव्या. गल्लीतून रिकामे गॅस सिलिंडर तरंगत येत आणि शटरवर आपटत. तो घणासारखा आवाज तिच्या कानातून जात नाही. समोरच्या इमारतीतले लोक छतावर उभे राहून हातवारे करत होते, आणि पावसामुळे कोण काय म्हणते ते ऐकू येत नव्हते. त्याच वेळी एसटी आगारात आगाराचे व्यवस्थापक दैनंदिन जमेची रोकड घेऊन बुडालेल्या गाडीच्या टपावर तासन्‌तास बसून राहिले होते, हे आम्हाला दोन दिवसांनी वर्तमानपत्रातून कळले. पाणी ओसरल्यावर दुकानाचे शटर कापावे लागले. आतल्या वह्या फुगून कपाटांत अशा गच्च बसल्या होत्या की एकही ओढून निघेना. भाऊजींनी पहार घालून कपाटाच्या बाजू उचकटल्या तेव्हा वह्यांचा एकसंध ठोकळा खाली पडला, आणि त्यावर सर्वात वरच्या वहीचे कोरे पान अगदी पांढरेशुभ्र होते. ते पान बघून ताई पहिल्यांदा रडली. आता तिच्या बोलण्यात "पुराआधी" आणि "पुरानंतर" असे दोनच काळ आहेत. "बावीस जुलै" हे शब्द तिच्या तोंडून मी ऐकलेले नाहीत.

तिच्या दुकानापासून चालत जाण्याच्या अंतरावर लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर आहे. १८६४ मध्ये सुरू झालेले हे वाचनालय २००५ च्या पुरात बुडाले, पुन्हा उभे राहिले आणि २०२१ मध्ये पुन्हा बुडाले. हे लिहिताना माझा हात थोडा थांबतो, कारण त्या मुलीच्या यादीतली पहिली आणि शेवटची ओळ या इमारतीत येऊन भेटते. ज्या तारखेला टिळकांना शिक्षा झाली त्याच तारखेला, एकशे तेरा वर्षांनंतर, त्यांच्या नावाच्या वाचनालयात वाशिष्ठी नदीचे पाणी शिरले. पहिल्यांदा हा योग लक्षात आला तेव्हा अंगावर काटा आला होता. आता मात्र अशा योगांचा मला थोडा वैतागच येतो. पाण्याला टिळक ठाऊक नव्हते. तारीख जुळवणारे आपण असतो, आणि जुळले की त्यात काहीतरी अर्थ असलाच पाहिजे असा हट्ट धरणारेही आपणच असतो.

तरीही १९०८ ची ती ओळ मी घरी येऊन पुन्हा वाचली, आणि लक्षात आले की तिची गतही आमच्या पुरासारखीच झालेली आहे. मुंबईच्या उच्च न्यायालयात १३ जुलैला खटला सुरू झाला. 'केसरी'तले 'देशाचे दुर्दैव' आणि 'हे उपाय टिकाऊ नाहीत' हे लेख आरोपात होते. टिळकांनी स्वतःच आपली बाजू मांडली, दिवसामागून दिवस. बावीस तारखेला ज्यूरी विचार करायला उठली तेव्हा संध्याकाळ उलटून गेली होती. ती परत आली ती सात विरुद्ध दोन असा कौल घेऊन, आणि न्यायमूर्ती दावर यांनी शिक्षा सुनावली तेव्हा रात्रीचे दहा वाजत आले होते. सहा वर्षे हद्दपारी आणि एक हजार रुपये दंड. हेच दावर १८९७ मध्ये वकील असताना टिळकांच्या जामिनासाठी न्यायालयात उभे राहिले होते. या सगळ्यावर जी एक गोष्ट यादी सांगू शकत नाही ती अशी, की दुसऱ्या दिवशी टिळकांचा वाढदिवस होता. २३ जुलै १८५६ चा रत्नागिरीतला जन्म. त्यांना बावन्नावे वर्ष पूर्ण होत असताना रातोरात खास गाडीने साबरमतीकडे नेले जात होते. दिनविशेष दर दिवसाचा वेगळा असल्यामुळे शिक्षा आज वाचायची आणि जन्म उद्या, अशी त्यांच्या आयुष्यातल्या एकाच रात्रीची दोन पाने झाली आहेत.

आणि दुसऱ्या दिवसापासून मुंबईत गिरणी कामगारांनी गिरण्या बंद पाडल्या. शिक्षेच्या प्रत्येक वर्षामागे एक, असा सहा दिवसांचा संप. लष्कराने गोळीबार केला, माणसे मेली. गिरणगावात तेव्हा सर्वात मोठा भरणा रत्नागिरी जिल्ह्यातल्या माणसांचा होता, त्यामुळे हा संप मला कधीच फक्त मुंबईचा वाटला नाही. आषाढ म्हणजे गावी लावणीचा हंगाम. घरातला मागच्या वर्षीचा तांदूळ तळाला गेलेला, लावणीच्या माणसांना जेवण घालायचे, आणि सगळी मदार मुंबईहून येणाऱ्या मनीऑर्डरीवर. सहा दिवसांची मजुरी बुडवणे म्हणजे काय, हे त्या वेळी चिखलात वाकून आवे लावणाऱ्या बायकांना जेवढे कळले असेल तेवढे संप करणाऱ्यांनाही कळले असेल की नाही, याची मला शंका आहे. त्यांच्यापैकी किती जणींनी 'केसरी'तला लेख वाचला होता? शिक्षा टिळकांना झाली, आणि तिचा एक अगदी लहान हप्ता राजापूर-संगमेश्वरच्या घरांनी भरला.

दुसऱ्या ओळीबद्दल शाळेत असल्यापासून ऐकत आलो आहोत. २२ जुलै १९४७ ला घटना समितीत पंडित नेहरूंनी ठराव मांडला, गडद केशरी, पांढरा आणि गडद हिरवा असे तीन पट्टे आणि मधे चरख्याच्या जागी निळे चक्र असा ध्वज स्वीकारला गेला. ध्वज समितीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर होते, ज्यांचे मूळ गाव मंडणगड तालुक्यातले आंबडवे, हे कोकणातल्या प्रत्येक परिपाठात यायला हरकत नाही. पण मला ही ओळ ऐकताना नेहमी तिच्या आधीचे पाच दिवस आठवतात, आणि ते आठवतात माझ्या आजीमुळे.

आजी रेवसच्या बाजूची. आषाढी अवसेला ती घरातले सगळे दिवे, समया, निरांजने, अगदी मोडकी लामणदिव्याची साखळीसुद्धा चिंचेने घासून पाटावर मांडायची, कणकेचे गोड दिवे उकडायची, आणि संध्याकाळी दिवे लागले की ओटीवर जाऊन बसायची. त्या दिवशी घरातल्या कोणालाही ती होडीत पाय ठेवू देत नसे. कारण विचारले की म्हणे, "गटारीच्या अवसेला आगबोट बुडाली." त्या सकाळी मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून निघालेली 'रामदास' बोट सण घरी करायला निघालेल्या माणसांनी खच्चून भरलेली होती. वादळी वाऱ्यात, रेवस गाठण्याच्या बऱ्याच आधी, काशाच्या खडकाजवळ ती कलंडली. सहाशेहून अधिक माणसे गेली. जी वाचली त्यांतल्या पुष्कळांना मासळी घेऊन मुंबईकडे निघालेल्या रेवसकडच्या कोळ्यांनी आपल्या होड्यांत ओढून घेतले. आजीच्या शेजारच्या घरातले दोघे भाऊ त्या बोटीवर होते. एक सापडला, एक सापडला नाही.

ती तारीख १७ जुलै १९४७ होती, हे मला मोठेपणी वाचून कळले. आजीला ते कधीच माहीत नव्हते आणि तिला त्याची गरजही नव्हती. तारीख कळल्यावर मात्र माझ्या मनात एक हिशेब आपोआप झाला. दिल्लीत ध्वजाचा ठराव मंजूर झाला त्या मंगळवारी तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातल्या किनाऱ्यावर, गावागावांत, दहावे-बारावेही व्हायचे होते. सुतकात असलेल्या त्या घरांना ध्वजाची बातमी कधी आणि कशी पोचली असेल, ते सांगायला आता कोणी उरलेले नाही. आजी स्वातंत्र्याच्या आठवणी सांगायची, त्यांत पंधरा ऑगस्टला गावात वाटलेला पेढा होता आणि तो न खाल्लेली शेजारीण होती. दिनविशेषाच्या पानांवर बावीस जुलैला तिरंगा असतो. सतरा जुलैला 'रामदास' क्वचित दिसते, आणि दिसली तरी दोन्ही पाने एकत्र कोणी वाचत नाही.

आजीचा आणि माझा कॅलेंडरवरून कायम वाद चाले. कोणतीही तारीख सांगितली की ती विचारायची, "तिथी काय होती?" मला ते जुनाट वाटे. आपल्या माणसाचे श्राद्ध तिथीने आणि पुढाऱ्यांच्या पुण्यतिथ्या तारखेने, असा तिच्या मनात सरळ विभाग होता, आणि शिवजयंतीच्या तारखेचा की तिथीचा या वादात आपण महाराष्ट्रभर जो जोर लावतो तो पाहून ती हसायची. ज्याला समुद्रावर जायचे आहे त्याला तारखेने काय कळणार, हे तिचे म्हणणे मी पुष्कळ वर्षे ऐकून सोडून दिले. पण किनाऱ्यावर तिथी ही श्रद्धेची बाब असण्याआधी पाण्याची बाब आहे. तिथीला तीनने गुणायचे आणि चाराने भागायचे, की भरतीचा तास मिळतो, शुद्ध पक्ष असो की वद्य. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या. पौर्णिमा-अमावास्येच्या आगेमागे उधाणाची, म्हणजे मोठी भरती, अष्टमीच्या आसपास भांगाची, म्हणजे लहान. आमच्याकडे आठवीत नापास झालेली माणसे हा हिशेब तोंडी करतात, आणि तो सहसा अर्ध्या-पाऊण तासापलीकडे चुकत नाही.

२२ जुलै २०२१ ला आषाढ शुद्ध त्रयोदशी होती.

तेर त्रिक एकोणचाळीस, भागिले चार, म्हणजे पावणेदहा. उधाण चढत्या कमानीवर होते. वाशिष्ठी दाभोळला समुद्राला मिळते आणि भरतीचे पाणी खाडीतून थेट गोवळकोटपर्यंत, म्हणजे चिपळूणच्या उंबऱ्यापर्यंत येते. वरून सह्याद्रीने दोन दिवसांचा पाऊस एकदम सोडलेला. महाबळेश्वरला २३ तारखेच्या सकाळपर्यंतच्या चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. कोयनेच्या वीज प्रकल्पातून वापरून झालेले पाणीही याच नदीत उतरते, आणि पात्रात वर्षानुवर्षे गाळ साठलेला. नदी वरून भरत होती आणि खाली दार लोटून घेतलेले होते. ताईच्या जिन्यावर सातव्या पायरीपर्यंत पाणी आले त्या वेळेला समुद्र अजून भरायचा होता. पुढे गाळ काढावा म्हणून शहरातल्या लोकांनी साखळी उपोषण केले, पूररेषांच्या निळ्या-लाल रेघांवरून वाद झाले, बैठका झाल्या. कोणाचे किती चुकले याचा निवाडा मी इथे करत नाही. मला एवढेच दिसते की त्या दिवसाच्या घडण्यात 'बावीस' या आकड्याचा काहीही हात नव्हता, आणि 'त्रयोदशी'चा थोडा होता.

एकाच दिवशी घडणे आणि एकाच तारखेला घडणे यांत मला आता मोठा फरक वाटतो. ११ नोव्हेंबर १९२७ ला याच किनाऱ्यावर 'जयंती' आणि 'तुकाराम' अशा दोन आगबोटी एकाच वादळात गेल्या. त्या दोघींना एकत्र बांधणारी गोष्ट वारा ही होती. टिळक, तिरंगा आणि चांद्रयान यांना बांधणारी गोष्ट म्हणजे छापील चौकोन. चांद्रयान दोन ते श्रीहरिकोट्याहून दुपारी पावणेतीनच्या सुमारास उडाले, पण त्याची खरी आठवण लोकांना सप्टेंबरमधल्या त्या रात्रीची आहे, जेव्हा विक्रम लँडरशी संपर्क तुटला.

आणि ज्या घटना खरोखर एकाच दिवशी, एकाच पावसाने घडल्या, त्या मात्र यादीत एकत्र येत नाहीत. त्याच गुरुवारी दिवस कलताना महाड तालुक्यात तळियेवर डोंगर आला आणि ऐंशीहून अधिक माणसे त्याखाली गेली. खेड तालुक्यात पोसऱ्याची बौद्धवाडी गाडली गेली. घाटापलीकडे पाटणच्या डोंगरांत आंबेघर आणि मिरगाव. महाडात सावित्रीचे पाणी घरांतून वाहत होते, त्यामुळे तळियेला मदत पोचायला वेळ लागला. बाईंच्या कागदावर ओळ चिपळूणची होती, कारण त्या चिपळूणच्या. महाडच्या शाळेत कदाचित तळियेची असेल. दोन्ही शाळा एकमेकींपासून एसटीने दोन-अडीच तासांवर आहेत. बाईंना मी हे सुचवले तेव्हा त्यांनी लगेच वहीत टिपून घेतले आणि मग पेन थांबवून विचारले, "पण मग कुणाला काढू? चांद्रयान काढलं तर मुलं नाराज होतात." मी म्हटले, पाच ओळी करा. त्या म्हणाल्या, परिपाठ वीस मिनिटांत संपवावा लागतो.

तिथी-तारखेच्या या गोंधळात एक गोष्ट मला नंतर सापडली आणि तिने मला आजीपुढे पुरते गप्प केले असते. २२ जुलै २००९ ला सूर्यग्रहण झाले होते. खग्रास पट्टा सुरतेवरून गेला. आमच्याकडे ते खंडग्रास होते, आणि आषाढातल्या ढगांमुळे दिसले काहीच नाही, फक्त उजाडून झाल्यावर पुन्हा मंद झाले आणि गोठ्यात गाय उगाच उठून उभी राहिली. आजीने पाण्यावर तुळशीपत्रे ठेवली होती. सूर्यग्रहण अमावास्येलाच होते, म्हणजे त्या वर्षी बावीस जुलैला अवस होती. त्याच्या एकोणीस वर्षे आधी, २२ जुलै १९९० लाही सूर्यग्रहण होते, फिनलंड-रशियाकडे दिसलेले. आणि एकोणीस वर्षे पुढे, २२ जुलै २०२८ ला पुन्हा आहे, ऑस्ट्रेलियात. एकोणीस सौर वर्षांत जवळजवळ नेमके दोनशे पस्तीस चांद्रमास बसतात, त्यामुळे एकोणीस वर्षांनी चंद्र पुन्हा त्याच तारखेला त्याच कलेवर येतो. आजीची तिथी आणि माझी तारीख यांची गाठ पडते ती अशी, माणसाच्या आयुष्यात फार तर तीन-चार वेळा. टिळक, तिरंगा, यान आणि पूर यांच्या मागे कोणताही फेरा नाही. या तारखेवर खरोखर परतून येणारा एकटा चंद्र आहे.

मग साहजिकच पुढचा हिशेब केला. २०२१ मध्ये एकोणीस मिळवले की २०४०. त्या वर्षी बावीस जुलैला चंद्र पुन्हा त्रयोदशीच्या आसपास असेल, आषाढी एकादशी दोन दिवस अलीकडे, आणि सकाळी साडेनऊ-दहाच्या सुमारास गोवळकोटला उधाणाची भरती चढत असेल. पाऊस असेल की नाही ते कोणी सांगू शकत नाही. पूर यायला चंद्र एकटा पुरत नाही. तरी मी हे ताईला सांगितले. ती दुकानात नव्या लोखंडी घोडीवर वह्या लावत होती, आणि या घोडीचा खालचा कप्पा दर वर्षी रोहिणी नक्षत्र लागले की ती रिकामा करते. तिने आधी बोटांवर स्वतःचे वय मोजले. मग भाऊजींना हाक मारून म्हणाली, "अहो, ऐकलंत का, चाळीस सालापर्यंत दुकान वरच्या मजल्यावर न्यायचं. भाड्याच्या जागेचं बोलून ठेवा." भाऊजी गल्ल्यावरून न उठताच म्हणाले, "चाळीसची कशाला वाट बघतेस? येत्या शुक्रवारी पौर्णिमा आहे, आधी त्या खोक्यांचं बघ."